पंचेचाळीसपुरतं खरं

"बार तूच पाडलास, खंडू. कबूल कर आणि मोकळा हो."

"न्हाई पाडला."

"मग अँगल गेला कुठं? नव्वदच्या नव्वद प्लेटा परत आल्यात. ड्रॉइंगवर त्रेचाळीस डिग्री आहे. कंपनीने त्यांच्या मोठ्या मशिनवर मोजल्या तर सत्तेचाळीस. बार वाकल्याशिवाय असं होतं का?"

"म्या न्हाई पाडला, रणजीतसाहेब. पोरीची आण."

"पोरीला कशाला मधे घेतो? दादासाहेब दुपारी येणारेत. ज्याने बार पाडला त्याची आज शेवटची शिफ्ट, असं फोनवर बोललेत. मी नाही बोललो, ते बोललेत."

मित्रांनो, ज्याच्या नावाने ही बोंब चालली होती तो बार मी. मी एक जुना साइन बार आहे. त्या दोघांच्या मधे, काळ्या दगडी सरफेस प्लेटवर, म्हणजे मापं घ्यायच्या सपाट फरशीवर, आडवा पडलो होतो. तीन दिवस हेच चाललं होतं. पाडला, नाही पाडला, पाडला, नाही पाडला. आणि तीन दिवसांत एकाही शहाण्याने मला हातात घेऊन बघितलं नाही की अरे, हा खरंच वाकलाय का. हाताच्या अंतरावर पडलोय राव मी. डोकं उठलं माझं.

तुम्ही मला बघितलं नसणार, म्हणून सांगतो. हाताच्या पंजापेक्षा जराशी कमी लांबीची पोलादाची पट्टी, आणि खाली दोन टोकांना दोन गोल रोलर. एवढाच मी. पण त्या दोन रोलरमधलं अंतर बरोबर शंभर मिलिमीटर आहे. एक रोलर त्या दगडी प्लेटवर टेकवायचा आणि दुसऱ्याखाली स्लिपांची थप्पी लावायची. स्लिप म्हणजे पोलादाच्या गुळगुळीत वड्या, प्रत्येकीवर तिची जाडी कोरलेली. थप्पी जेवढी उंच तेवढा मी तिरका. अँगलचा जॉब असला की माझ्या तिरकेपणावरून मशिन लावतात आणि काम झालं की माझ्याच पाठीवर ठेवून ते तपासतात. मला दुसरं काही येत नाही, आणि जे येतं त्यात मी एकदाही चुकलेलो नाही. ही फुशारकी नाही. पोलादाला चुकता येत नाही, चुका करायला माणसं आहेत.

मला भट्टीत लाल करून तेलात बुडवलं, मग घासलं, मग कित्येक महिने नुसतं ठेवून दिलं, अंगातला ताण जाऊ दे म्हणून. तेवढा धीर माझ्या बाबतीत नंतर कुणी दाखवला नाही. तयार झाल्यावर मला शाळेत घातलं. टेक्निकलची एक लॅब होती, तिच्या काचेच्या कपाटात. सहा वर्षं. सहा वर्षांत मला बाहेर काढलं दोनदा, तेही तपासणीवाले येणार म्हणून धूळ पुसायला.

पण कपाटातून फळा दिसायचा. सर यायचे आणि एका खाली एक लिहीत जायचे. साइन वर्ग थीटा अधिक कॉस वर्ग थीटा बरोबर एक. त्याच्या खाली, साइन थीटा बरोबर कॉस थीटा. खडू तोच, अक्षर तेच, आणि मधली बरोबरची खूण पण अगदी तीच. पोरं दोन्ही ओळी एकाच चौकटीत उतरवून घ्यायची, वर ठळक अक्षरात लिहायची, सूत्रे.

आता वरची ओळ आहे ती नित्यसमानता. थीटाच्या जागी कुठलाही अँगल टाका, ती खरीच राहते. खालची ओळ म्हणजे साधं समीकरण. ते तुम्हाला विचारत असतं की बाबा, मी कुठल्या अँगलला खरं आहे ते शोधून काढ. एक ओळ सांगतेय आणि एक विचारतेय, आणि हे लोक दोघींना एकाच चौकटीत कोंबून पाठ करतायत. एकदा मागच्या बाकावरच्या एका पोरीने विचारलं होतं, "सर, हे दुसरं नेहमी येतं का?" सर म्हणाले, "परीक्षेत आलं तर लिही." वर्ग हसला. ती खाली बसली ती परत कधी उठली नाही. काचेच्या मागे मला जी शिसारी आली ना, ती अजून गेलेली नाही.

पुढे लॅब बंद पडली आणि मला भंगारात टाकलं. माझी शाळा सुटली ती अशी. वाईट वगैरे काही वाटलं नाही. सुटलो म्हटलं.

कुदळवाडीच्या एका भंगारवाल्याकडे मोडक्या टेबलफॅनच्या खाली पडलो होतो तेव्हा मला खंडूने उचललं. खंडू चाकणच्या अलीकडच्या एका गावचा, घरी थोडी शेती, आणि पोटापाण्याला ग्राइंडर. मोशीच्या पुढे दादासाहेबांची पत्र्याची शेड आहे, तिथे तो ग्राइंडिंग करतो. त्याने मला शर्टाला पुसलं, भंगारवाल्याच्या काउंटरच्या काचेवर पालथं ठेवलं आणि डोळा बारीक करून खालून उजेड दिसतो का ते बघितलं. मग दादासाहेबांना म्हणाला, "मालक, ह्यो घ्याच. ह्यो सरळ हाय." आयुष्यात पहिल्यांदा माझ्याबद्दल कुणीतरी खरं बोललं.

खंडूचं मला पटायचं. काम झालं की मला तेलाच्या फडक्याने पुसायचा आणि लाकडी डब्यात ठेवायचा. बाकीच्यांचं काय सांगू. माझ्या डब्यावर चहाचे ग्लास. वडापावच्या तेलाने माखलेली बोटं, त्याच बोटांनी स्लिपा उचलायच्या. एका स्लिपेवर मिरचीचं बी चिकटलेलं मी स्वतः बघितलंय. मायक्रॉनमध्ये मोजायला बसलेत आणि मधे मिरचीचं बी.

शेडमध्ये पहिली चार वर्षं एकच जॉब चालायचा, पंचेचाळीस डिग्रीचे ब्लॉक. पहिल्या दिवशी खंडूने मोबाइलमधला कॅल्क्युलेटर उघडला आणि सुपरवायझरला विचारलं, "साइन दाबू का कॉस?" सुपरवायझर म्हणजे हाच रणजीत. दादासाहेबांच्या बहिणीचा मुलगा, डिप्लोमा झालेला, कॉलर कायम कडक. तो फोनवर बोलत होता. फोन न काढता म्हणाला, "काहीही दाब. एकच येतं."

खंडूने दोन्ही दाबून बघितलं. शंभरने गुणल्यावर दोन्हीला सत्तर पॉइंट सात एक एक. एकच आलं. मग त्याने कागदी चिकटपट्टीवर लिहिलं, 'अँगलचा कॉस गुणिले शंभर बरोबर थप्पी', आणि ती पट्टी कपाटाच्या दाराला चिकटवली. कॉसच का? तर अंगठ्याला ते बटण आधी लागलं. बास. बाकी काही कारण नाही.

त्या दिवशी तो चुकला होता का? अजिबात नाही. सगळी घाण तिथूनच सुरू झाली. साफ चुकला असता तर पहिलाच ब्लॉक फेकला गेला असता, पट्टी उखडली गेली असती. तो बरोबर आला. आणि चार वर्षं रोज बरोबर येत राहिला.

आता माझ्याकडे बघा म्हणजे कळेल. मी तिरका उभा आहे. माझ्या वरच्या रोलरखाली थप्पी, ती सरळ उभी. थप्पीपासून खालच्या रोलरपर्यंत प्लेटवर जी जागा उरते ती आडवी. झाला काटकोन त्रिकोण. माझी लांबी शंभर. उभ्या थप्पीचा हिशोब साइनने होतो, आडव्या जागेचा कॉसने. मला खाली झोपवत गेलात तर थप्पी कमी होते आणि जागा वाढते. वर उचलत गेलात तर थप्पी वाढते, जागा कमी होते. दोन्ही सारख्या होतात त्या एकाच ठिकाणी, पंचेचाळीसला. त्याच्या अलीकडे नाही, पलीकडे नाही. पण थप्पीचा वर्ग आणि जागेचा वर्ग मिळवा, तो कुठल्याही अँगलला माझ्या लांबीचा वर्गच येणार, कारण मी ना ताणला जातो ना आखडतो. फळ्यावरची वरची ओळ तीच होती. ती पाठ करायची गोष्टच नाही. ती माझं अंग आहे.

गेल्या महिन्यात त्रेचाळीसचा जॉब आला. गाइड प्लेट, नव्वद नग. खंडूने पट्टी वाचली, त्रेचाळीसचा कॉस काढला, शंभरने गुणलं आणि त्र्याहत्तर पॉइंट एक तीन पाचची थप्पी लावली. माझा वरचा रोलर त्यावर ठेवला आणि मला लगेच कळलं. पंचेचाळीसच्या वर मला चढवायचं नसतं, तिथे माझा नेम कमी होतो. कुठल्याही टूलरूममध्ये हे माहीत असतं. आणि मला सत्तेचाळीसवर उभं केलं होतं. ओरडावंसं वाटलं. पण मला तोंड कुठंय?

खंडूच्या डोळ्याला ते खटकलं होतं, खोटं कशाला बोलू. दोन पावलं मागे जाऊन त्याने मान तिरकी केली. "साहेब, जरा हुबं दिसतंय का वो?"

रणजीत म्हणाला, "तुझा डोळा मोठा की फॉर्म्युला मोठा? पट्टी तूच लिहिलीस ना?"

खंडूने ग्राइंडिंगचं व्हील चालू केलं. कोन मोजायचा प्रोट्रॅक्टर ड्रॉवरमध्ये होता, काच फुटलेला, दोन वर्षांपासून. कुणी काढून बघितला नाही.

मग तपासणी. तपासणीला तनुजा असते, दिघीवरून स्कूटीवर येते, या शेडमधलं एकमेव डोकं असं मी समजत होतो. तिने काय केलं? प्लेट माझ्या पाठीवर ठेवली, खाली तीच त्र्याहत्तरची थप्पी लावली आणि वरून डायल, म्हणजे उंचसखलपणा दाखवणारं काट्याचं माप, फिरवला. काटा हलला नाही. कसा हलेल? ज्या चुकीने प्लेट कापली त्याच चुकीने ती मोजली. नव्वद वेळा ओके. नव्वद सह्या. मी तिच्या हाताखाली नव्वद वेळा खोटं बोललो, आणि तेही खरं बोलून. किळस आली मला त्या दिवसाची.

तर असं ते भांडण. खंडूची नोकरी माझ्या वाकण्यावर टांगलेली, आणि मी वाकलेलोच नाही.

शेवटी तनुजाच उठली. तिने मला उचललं, रोलर पुसले, दोन्ही रोलर प्लेटवर टेकवून मला सपाट ठेवलं आणि माझ्या पाठीवरून या टोकापासून त्या टोकापर्यंत डायल ओढला.

"शून्य," ती म्हणाली. उलटा फिरवून परत ओढला. "शून्य. सर, बार सरळ आहे."

"मग स्लिप चुकली असेल याने."

स्लिपा मोजल्या. त्र्याहत्तर पॉइंट एक तीन पाच, बरोबर. कॅल्क्युलेटरवर कॉस त्रेचाळीस काढून बघितला. तोही बरोबर. रणजीतने खंडूकडे असं बघितलं की जणू खंडूने रात्रीतून आकडेच फिरवले असतील.

तनुजा मात्र थप्पीकडेच बघत राहिली. मग जुनी वही काढून पंचेचाळीसच्या ब्लॉकचं पान उघडलं.

"सर, पंचेचाळीसला आपण सत्तर पॉइंट सातची थप्पी लावायचो ना?"

"चार वर्षं लावली."

"त्रेचाळीस म्हणजे कमी. बार आणखी झोपणार."

"झोपणारच की."

"मग थप्पी वाढली कशी?"

खंडू पुढे आला, मला बघितलं, थप्पीला बघितलं आणि एवढंच म्हणाला, "आयला."

एवढं सोपं होतं मित्रांनो. आणि ते विचारायला नव्वद प्लेटा वाया जाव्या लागल्या.

रणजीतचं तोंड बघण्यासारखं झालं होतं. "पण कॉसने पंचेचाळीस बरोबर येत होतं. चार वर्षं येत होतं. एक तुकडा परत नाही आला. मग फॉर्म्युला चुकीचा कसा?"

"पंचेचाळीसलाच येतं सर ते. साइन आणि कॉस तिथेच सारखे. त्रेचाळीसला कॉस टाकला की सत्तेचाळीसचा साइन मिळतो. दोन कमी हवे होते, दोन जास्त झाले."

तेवढ्यात दादासाहेब आले. पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं. तनुजाने त्यांना सगळं सांगितलं. त्यांना साइन-कॉस कळलं असं मला वाटत नाही, पण थप्पी वाढली हे कळलं. ते रणजीतला म्हणाले, "काहीही दाब म्हणून तूच सांगितलं होतं का याला?"

"मामा, त्या वेळी ते बरोबरच होतं."

"त्या वेळी."

"ठीक आहे. आजपासून नियम करू," रणजीत घाईने म्हणाला. "कुठलाही फॉर्म्युला असो, दोन अँगल टाकून बघायचा. दोन्हीला जमला की पक्का."

आणि इथे मला खरी शिसारी आली. एका खड्ड्यातून निघाला आणि लगेच दुसरा खणायला घेतला.

तनुजा म्हणाली, "दोनला जमला म्हणून पक्का? तुम्ही त्या पातळ पाचरींना काय करता सर? अँगल डबल तर थप्पी डबल, बरोबर?"

"हो. एक डिग्रीला एक पॉइंट सात चार पाच. दोनला तीन पॉइंट चार नऊ. डबल. तीनला तिप्पट घेऊन बघ, दोन-तीन मायक्रॉनच्या वर फरक नाही पडत."

"जमलं ना? तीन-तीन अँगलला जमलं. आता तीस डिग्रीला थप्पी किती?"

"पन्नास."

"मग साठला?"

"शंभर," रणजीत म्हणाला आणि तिथेच थांबला.

खंडूने मला उचललं आणि प्लेटवर चक्क उभा धरला. माझी लांबीच शंभर. शंभरची थप्पी म्हणजे मी ताठ, भिंतीसारखा. "ह्ये साठ हाय व्हय साहेब?" तो म्हणाला. दादासाहेबांना हसू आवरलं नाही, आणि ते हसले म्हणून बाकीच्यांनाही हसता आलं.

माझं ऐका. एखादी ओळ नेहमी खरी नाही हे दाखवायला एकच अँगल पुरतो, जिथे ती फसते तो. पण ती नेहमी खरी आहे असं म्हणायला शंभर अँगल टाकून उपयोग नाही. शंभरला जमेल आणि एकशे एकाव्याला तोंडावर पाडेल. तिथे 'का' ते सांगावं लागतं. माझी लांबी बदलत नाही, हे झालं 'का'. अंगठ्याला कॉस आधी लागला, हे 'का' नाही.

मला वाटलं, आता तरी हे लोक खरं लिहितील. खुळाच मी.

दादासाहेब खुर्चीत बसले, चष्मा पुसला. "आता ऐका. कंपनीला लेखी कारण द्यायचंय, आणि त्याच्यापुढे उपाय. सुपरवायझरला साइन-कॉस कळत नाही असं मी लिहिलं तर पुढची ऑर्डर दुसऱ्याच्या शेडमध्ये जाईल. आणि रणजीतच्या आईला मी काय तोंड दाखवू?"

"मग काय लिहायचं सर?" तनुजाने विचारलं.

"बार जुना झाला होता. मापात बसत नव्हता. काढून टाकला, नवीन घेतला. वाचायला स्वच्छ दिसतं."

"सर, आत्ता डायल लावला. शून्य आलं. दोनदा."

"तुझ्यासमोर आलं. कंपनीसमोर आलं का?" त्यांचा आवाज चढला नव्हता. "तू नव्वद तुकडे ओके केलेस, तनुजा. मी त्याचं काही बोललो का?"

रणजीतने कागद टाइप करून आणला. खाली तीन सह्या हव्या होत्या, ऑपरेटर, तपासणी, सुपरवायझर. रणजीतने सही केली, कॉलर सरळ केली. तनुजाने पेन उघडलं, बंद केलं, परत उघडलं आणि सही करून बाहेर पाण्याच्या टाकीकडे निघून गेली.

खंडूने कागद दोनदा वाचला. हळू वाचतो तो, ओठ हलवत.

"ह्याच्यात पाडला असं हाय का कुठं?"

"नाही. जुना झाला, एवढंच."

"मंग माझी मशिन?"

"सोमवारी ये नेहमीसारखा."

"पाडला न्हाई म्या. त्येवढं सगळ्यांसमोर बोला."

दादासाहेब रणजीतकडे बघायला लागले. रणजीत जमिनीकडे बघत म्हणाला, "नाही पाडला त्याने."

खंडूने सही केली.

ज्याने मला काचेवर ठेवून सरळ हाय म्हटलं होतं, त्यानेच मी वाकडा आहे यावर सही केली. मी काय अपेक्षा करत होतो मला माहीत नाही. त्याला मशिन पाहिजे होती, मिळाली. मला घाण वाटत होती, खंडूची नाही एवढी, त्या कागदाची. नव्वद प्लेटा चुकल्या त्या मापामुळे नाहीत. एका ठिकाणी खरं होतं ते सगळीकडे खरं मानलं म्हणून चुकल्या. आणि त्याची शिक्षा कुणाला, तर मला.

नंतर खंडू कपाटाकडे गेला आणि नखाने ती पट्टी खरवडून काढली. रणजीतने पेन पुढे केलं. "त्या जागी साइन लिही."

"आता पट्टी नगं," खंडू म्हणाला. तनुजा आत आली होती. "तनुजाताई, का ते सांगा मला. फकस्त का."

तिने खडूने शेडच्या फरशीवर त्रिकोण काढला. खंडू उकिडवा बसला. तिरक्या रेघेवर बोट ठेवून म्हणाला, "ह्यो बार."

"हो."

"ह्यो बदलत न्हाई. ही उभी थप्पी, ही खालची जागा. एक वाढली की दुसरी घटणार."

"कुठल्याही अँगलला. आणि थप्पी लागते ती साइनने, कारण ती उभी बाजू आहे."

"आन दोन्ही सारख्या कवा?"

"एकदाच. पंचेचाळीसला."

खंडूने त्या दोन्ही रेघांवरून बोट फिरवलं. "म्हंजी चार वर्सं आमी त्या एकाच जागंवर उभं हुतो," तो म्हणाला. "आन आमाला वाटलं, सगळं गाव आमचंच."

तुम्हाला वाटेल, हे ऐकून मला बरं वाटलं असेल. वाटलं, खोटं बोलत नाही. पण हे चार वर्षांपूर्वी, फोन बाजूला ठेवून, दोन मिनिटांत सांगता आलं असतं. सांगणाऱ्याला डिप्लोमा होता.

मित्रांनो, माझं एवढंच म्हणणं आहे. वहीत बरोबरची खूण दिसली की लगेच खाली मान घालून उतरवून घेऊ नका. तिला विचारा, तू नेहमी खरी आहेस की एखाद्याच ठिकाणी? एखाद्याच ठिकाणी असेल तर ते ठिकाण शोधा, त्यात काही कमीपणा नाही, तिचं कामच ते आहे. नेहमी खरी म्हणत असेल तर का ते मागा, आणि मिळेपर्यंत मागत राहा. सर ओरडले, वर्ग हसला, तरी खाली बसू नका. आणि मापाची वस्तू घरात, शाळेत, कुठेही असो, तिला पुसून ठेवा, तिच्यावर चहाचा ग्लास ठेवू नका, आणि तिच्यावर आळ घ्यायच्या आधी एकदा उचलून बघा. एवढं जमत नसेल तर मोजता कशाला.

अजून बरंच बोलायचं होतं. त्या मिरचीच्या बीबद्दल तर वेगळंच. पण ज्या मापावर भरवसा ठेवायचा नाही त्याला लाल रंग फासतात, चुकून कुणी वापरू नये म्हणून, आणि रंगाचा डबा उघडलाय. रणजीतने ब्रश खंडूकडे दिला. खंडू सवयीने आधी मला तेलाच्या फडक्याने पुसतोय. मग त्याच्या लक्षात आलं की तेलावर रंग बसत नाही, म्हणून आता ते तेल रॉकेलने पुसून काढतोय, दोन्ही रोलर, पाठ, कडा, अगदी स्वच्छ. बाहेर भंगाराचा टेम्पो हॉर्न मारतोय. मला आता निघायला लागेल.